सेल्फ फिरतोय, पण गाडी चालूच होईना!

पंप बदलायचा तर खर्च काही हजारांत. रिले मात्र काही शेकड्यांत मिळतो. नेमकं काय बिघडलंय हे ओळखायला महागडं मशीन लागत नाही. कान, हात, दहा-पंधरा मिनिटं आणि थोडं डोकं एवढं पुरतं.

सेलू तालुक्यातलं वालूर बाहेरच्या लोकांना आता माहीत झालंय ते तिथल्या चक्राकार बारवेमुळे. सुट्टीच्या दिवशी पोरं गाडी काढतात, बारव बघतात, फोटो काढतात. समजा, तुमचीही अशीच ट्रिप आहे. मित्राच्या काकांची जुनी पेट्रोल कार आहे, मे महिना आहे आणि दुपारचे दोन वाजलेत. गाडी तासभर उन्हात उभी होती. परत निघताना चावी फिरवली. सेल्फ मस्त फिरतोय, पण इंजिन काही पकडत नाही.

आता सगळेच मेकॅनिक होतात. एक म्हणतो, बॅटरी गेली. दुसरा म्हणतो, पेट्रोल संपलं असेल. तिसरा म्हणतो, धक्का मारू. धक्का मारूनही काही होत नाही. अर्ध्या-पाऊण तासानं सावली येते, सहज म्हणून कुणीतरी चावी फिरवतं आणि गाडी पहिल्या झटक्यात चालू! काय झालं होतं ते कुणालाच कळत नाही. पुढच्या आठवड्यात परत तेच. मग गॅरेजला नेली की ऐकायला मिळतं, ‘पेट्रोल पंप गेलाय, बदलावा लागेल.’

हे कधी कधी खरं असतं. पण कधी कधी खरा चोर असतो काडेपेटीपेक्षाही लहान एक काळा चौकोनी डबा. त्याचं नाव फ्यूएल पंप रिले.

शेतातला स्टार्टर आठवा

रिले समजून घ्यायला इंजिनिअरिंगला अ‍ॅडमिशन घ्यायची गरज नाही. विहिरीवरच्या मोटारीचा स्टार्टर बघितलाय ना? हिरवं बटण दाबलं की आत ‘खट्ट’ आवाज येतो आणि मोटार चालू होते. तुमचं बोट मोटारीचा सगळा करंट जोडत नाही. बोटानं फक्त एका कॉइलला थोडा करंट मिळतो. ती कॉइल लोहचुंबक बनते, पट्टी ओढून घेते आणि जाडजूड पॉइंट एकमेकांना चिकटतात. मोटारीचा मोठा करंट त्या पॉइंटमधून जातो. पॉइंट जळाले, काळे पडले की मोटार नखरे करते. मग कुणीतरी स्टार्टर उघडून पॉइंट पॉलिश पेपरनं घासतं.

गाडीतला रिले म्हणजे याच स्टार्टरचा धाकटा भाऊ. काम तेच, आकार छोटा.

पेट्रोल पंप असतो टाकीच्या आत. तो साधारण चार ते आठ अँपिअर करंट खातो. एवढा करंट गाडीच्या कॉम्प्युटरच्या, म्हणजे ईसीयूच्या नाजूक सर्किटमधून थेट नेता येत नाही. म्हणून ईसीयू रिलेच्या कॉइलला फक्त 0.15 ते 0.2 अँपिअरचा इशारा देतो आणि रिले पंपाचा करंट जोडतो. थोड्या विजेनं जास्त वीज हलवायची ही कल्पना गाड्यांपेक्षा कितीतरी जुनी आहे. अमेरिकन शास्त्रज्ञ जोसेफ हेन्री यांनी 1835 च्या सुमारास ती करून दाखवली आणि पुढे तारयंत्रात ती कामाला आली. लांबच्या तारेवरून थकून आलेला सिग्नल रिले पुढच्या तारेत ताज्या दमानं ढकलायचा.

जुन्या कार्ब्युरेटरच्या गाड्यांत बहुतेक वेळा इंजिनावरच चालणारा यांत्रिक पंप असायचा, म्हणून ही भानगड नव्हती. 2000 च्या आसपास आपल्याकडे एमपीएफआय गाड्या वाढल्या आणि टाकीतला इलेक्ट्रिक पंप घरोघरी आला. 2020 च्या एप्रिलपासून बीएस-6 लागू झालं तेव्हा बहुतेक बाइकसुद्धा फ्यूएल इंजेक्शनवर गेल्या. तुम्ही कॉलेजला जी बाइक नेता तिच्या टाकीतही आता पंप असतो. म्हणजे हा विषय फक्त कारवाल्यांचा नाही.

उन्हातच का रुसते?

‘गरम झाली की बंद, गार झाली की चालू’ ही तक्रार वेडगळ वाटते, पण तिच्यामागे साधं फिजिक्स आहे.

एक, कॉइल तांब्याची असते. तांब्याचं तापमान एक अंशानं वाढलं की त्याचा रेझिस्टन्स साधारण 0.39 टक्क्यानं वाढतो. 20 अंशांना 80 ओहम असलेली कॉइल बोनेटखाली 80 अंशांपर्यंत तापली की जवळपास 99 ओहमची होते. म्हणजे 12 व्होल्टवर आधी 150 मिलिअँपिअर जाणारा करंट आता 121 वर येतो. चुंबक तेवढं कमजोर. चांगला रिले एवढं सहन करतो. म्हातारा झालेला रिले आणि त्यात सेल्फ मारताना खाली आलेली बॅटरी असं दोन्ही जमून आलं की पट्टी ओढलीच जात नाही.

दोन, आतले सोल्डरचे जोड. उष्णतेनं प्रसरण, रात्री आकुंचन, वर खड्ड्यांचे हादरे. वर्षानुवर्षांनी सोल्डरला केसाएवढी बारीक चीर पडते. गार असताना ती चिकटलेली, तापली की उघडी. होंडाच्या 1980 आणि 90 च्या दशकांतल्या सिव्हिक, अकॉर्ड या गाड्यांचा ‘मेन रिले’ जगभरच्या मेकॅनिकना याच कारणानं पाठ झाला. उन्हात उभी केलेली गाडी चालू होईना, काचा उघडून थोडी गार केली की चालू. कित्येकांनी तो रिले उघडून चिरा गेलेल्या जोडांना नव्यानं सोल्डर मारलं आणि गाडी ठीक झाली.

तीन, जळालेले पॉइंट. समजा पॉइंटमध्ये फक्त 0.2 ओहमचा अडथळा तयार झाला. पाच अँपिअर करंट गेला की तिथे एक व्होल्ट वाया जातो आणि पाच वॅटची उष्णता त्या एवढ्याशा डबीत तयार होते. पॉइंट आणखी तापतो, आणखी जळतो.

आणि हे जुन्या गाड्यांपुरतं नाही. 2014 मध्ये अमेरिकेत क्रायस्लर कंपनीला 2011 मॉडेलच्या जीप ग्रँड चेरोकी आणि डॉज दुरँगो मिळून सुमारे 1 लाख 88 हजार गाड्या परत बोलवाव्या लागल्या. कारण हेच, पॉवर बॉक्समध्ये बसवलेला फ्यूएल पंप रिले उष्णतेनं खराब होऊन गाडी चालू न होण्याची किंवा चालता चालता बंद पडण्याची शक्यता. उपाय म्हणून त्या बॉक्सच्या बाहेर वेगळा रिले बसवून दिला गेला.

चालती गाडी हायवेवर बंद पडणं म्हणजे काय, हे मागून भरधाव ट्रक येत असताना कळतं. त्यामुळे ‘चालू होते ना कधीतरी, चालवू तशीच’ हे धोरण बरं नव्हे.

आता चोर शोधू

नियम एकच. आधी फुकटचं तपासा, मग स्वस्तातलं, सगळ्यात शेवटी महागाचं. गाडी न्यूट्रलला, हँडब्रेक ओढलेला, आसपास कुणाची सिगारेट-बिडी नाही. पेट्रोलचा वास येत असेल तर पुढचं काहीच करू नका, लांब व्हा आणि मेकॅनिकला बोलवा.

पायरी 1 : सेल्फचा आवाज ऐका. सेल्फ रडत-रडत फिरतोय किंवा नुसतं ‘टक-टक’ होतंय, तर संशय बॅटरी आणि तिच्या टर्मिनलवर. सेल्फ जोरात फिरतोय पण इंजिन पकडत नाही, तर पेट्रोल किंवा स्पार्क पोचत नाहीये.

पायरी 2 : खुळ्यासारखी वाटणारी कारणं आधी खोडा. टाकीत पेट्रोल खरंच आहे का? काटा खोटं बोलत नाही ना? डॅशबोर्डवर इमोबिलायझरचा, म्हणजे चावीच्या चित्राचा दिवा लुकलुकतोय का? बाइक असेल तर किल स्विच बघा. मित्रानं गंमत म्हणून दाबलेल्या किल स्विचपायी कितीतरी बाइक ढकलत नेल्या गेल्यात. कार सीएनजीवर चालते पण पेट्रोलवर टाकली की बंद पडते? मग इंजिन ठीक आहे, गडबड पेट्रोलच्या बाजूला आहे. फुकटात मोठा पुरावा मिळाला.

पायरी 3 : पंपाचा आवाज. एसी, रेडिओ बंद. एकानं मागच्या सीटवर कान लावून बसायचं, दुसऱ्यानं सेल्फ न मारता चावी फक्त ऑन करायची. बहुतेक गाड्यांत दोन-तीन सेकंद ‘झुंऽऽ’ असा आवाज येऊन थांबतो. लाइनमध्ये प्रेशर भरून ठेवायला ईसीयू तेवढा वेळ पंप फिरवतो. आवाज आला तर रिलेनं त्या क्षणी तरी काम केलंय. नाही आला तर फ्यूज, रिले, वायर, पंप किंवा ईसीयूचा इशारा यांपैकी काहीतरी गेलंय. काही गाड्या दार उघडतानाच पंप फिरवून घेतात, काही सेल्फ मारल्यावरच फिरवतात. म्हणून गाडी ठणठणीत असताना एकदा हा आवाज ऐकून ठेवा. आजारी माणूस ओळखायचा तर तो धडधाकट असताना कसा दिसतो हे माहीत पाहिजे.

पायरी 4 : फ्यूज. बोनेटखाली किंवा डॅशबोर्डखाली फ्यूज बॉक्स असतो. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा छापलेला असतो, त्यात ‘एफपी’, ‘फ्यूएल पंप’ किंवा ‘एफआय’ असं लिहिलेलं शोधा. फ्यूज उडालाय? त्याच रेटिंगचा नवा लावा. तोही लगेच उडाला तर थांबा. वायर कुठेतरी शॉर्ट आहे किंवा पंप जाम झालाय. तिथे तार किंवा सिगारेटची चांदी गुंडाळणारा माणूस फ्यूज बसवत नाही, आग बसवतो.

पायरी 5 : खट् आवाज. रिलेवर बोट ठेवा, मित्राला चावी ऑन करायला सांगा. बोटाला हलका ‘खट्’ जाणवला तर कॉइल आणि ईसीयूचा इशारा दोन्ही जिवंत आहेत. पण इथेच बरेच जण फसतात. खट् वाजला म्हणजे रिले चांगला, असं नाही. पट्टी हलली एवढंच सिद्ध झालं. जळालेल्या पॉइंटमधून करंट पलीकडे गेला की नाही, ते अजून कळलेलं नाही.

पायरी 6 : अदलाबदल. ही सगळ्यात भारी युक्ती, आणि फुकट. बऱ्याच गाड्यांत हॉर्नचा किंवा एसीचा रिले अगदी तोच असतो. चावी बंद करा. दोन्ही रिलेच्या अंगावर छापलेला नंबर आणि पायांची मांडणी हुबेहूब जुळते का ते बघा. नुसता आकार सारखा असून भागत नाही. जुळत असेल तर अदलाबदल करा. आता गाडी चालू झाली आणि हॉर्न मुका झाला? झालं, चोर दोन्हीकडून पकडला. रिले बदलूनही काही फरक नाही? मग रिलेला सोडा, पुढे शोधा. एक लक्षात ठेवा, गाडी ‘गार झाली की चालू’ या जातीची असेल तर ही परीक्षा बिघाड हजर असतानाच घ्यायची. नाहीतर गाडी नुसत्या गारव्यानं चालू होईल आणि शाबासकी नव्या रिलेला मिळेल.

मल्टिमीटर हातात असेल तर

दोन-तीनशे रुपयांचा साधा मल्टिमीटर इथे चालतो. चार पायांच्या नेहमीच्या रिलेवर चार आकडे दिसतील, 30, 87, 85 आणि 86. ही जर्मन मानकातली खूणपद्धत, आणि जगभरच्या गाड्यांत भेटते. 30 म्हणजे बॅटरीकडून येणारा प्लस. 87 म्हणजे पंपाकडे जाणारी वाट. 85 आणि 86 ही कॉइलची दोन टोकं. काही जपानी रिलेवर 1, 2, 3, 5 असे आकडे असतात. तिथे रिलेच्या अंगावरचं छोटं चित्र वाचायचं.

रिले काढून 85-86 मध्ये ओहम मोजा. साधारण 50 ते 120 च्या आसपास आलं तर कॉइल ठीक. मीटर काहीच दाखवत नसेल तर कॉइल तुटलीय, तपास संपला.

मग सॉकेट बघा. 30 च्या खाचेत 12 व्होल्ट येतात का? काही गाड्यांत ते चावी ऑन केल्यावरच येतात. नसतील तर दोष रिलेच्या मागे, म्हणजे फ्यूज किंवा वायरमध्ये. 85-86 च्या खाचांत चावी ऑन करताच दोन-तीन सेकंद 12 व्होल्ट दिसतात का? नसतील तर इशाराच येत नाहीये. मग ईसीयू, इमोबिलायझर, सेन्सर असं प्रकरण असू शकतं. तिथे स्कॅनर असलेल्या माणसाकडे जा.

पॉइंट तपासताना मात्र ओहमवर विसंबू नका. मीटर मोजताना अगदी नखाएवढा करंट सोडतो. जळालेला पॉइंट एवढ्याशा करंटला वाट देतो आणि मीटर ‘सगळं छान’ म्हणतो. पाच अँपिअर मागितले की तोच पॉइंट माघार घेतो. पाटावर बसून पोहता येतं की नाही ते कळत नाही, पाण्यात उतरावं लागतं. म्हणून पंप चालू असताना रिलेच्या 30 आणि 87 मधला व्होल्टेज मोजायचा. तो व्होल्टच्या दोन-तीन दशांशांपेक्षा जास्त असेल तर रिले व्होल्टेज खातोय. हे मोजायला सवयीचा हात लागतो, तेव्हा पहिल्यांदा करताना जाणत्याला सोबत घ्या.

87 पर्यंत 12 व्होल्ट नीट पोचतात, तरीही पंप गप्प? मग टाकीजवळचं कनेक्टर, अर्थिंग आणि शेवटी पंप. इतकं सगळं झाल्यावर ‘पंप गेलाय’ हे वाक्य खरं.

सॉकेटचं प्लॅस्टिक वितळलंय, काळं पडलंय? तर नुसता रिले बदलून थांबू नका. खाच सैल आहे किंवा पंप म्हातारा होऊन जास्त करंट ओढतोय. कारण तसंच राहिलं तर नवा रिलेही त्याच वाटेनं जाणार.

पंपही खरंच जातो

सगळा दोष रिलेवर टाकायचाही नाही. 2020 च्या जूनमध्ये होंडा कार्स इंडियानं 2018 साली बनवलेल्या 65 हजार 651 गाड्या पंपातल्या सदोष इम्पेलरसाठी परत बोलावल्या. पुढच्याच महिन्यात मारुती सुझुकीनं वॅगन-आर आणि बलेनो मिळून 1 लाख 34 हजार 885 गाड्या पेट्रोल पंप तपासायला बोलावल्या. सदोष भाग फुकट बदलून देण्याची ती मोहीम होती. म्हणून पंपाचं बिल भरण्याआधी कंपनीच्या वेबसाइटवर आपला चेसिस नंबर टाकून बघा. काहीवेळा हजारो रुपये तिथेच वाचतात. शिवाय काही नव्या गाड्यांत रिले बोर्डवरच सोल्डर केलेला असतो किंवा पंपाला वेगळं कंट्रोल मॉड्यूल असतं. तिथे अदलाबदलीची युक्ती चालत नाही.

‘डायरेक्ट’ करून देऊ का?

आपल्याकडे एक लाडका जुगाड आहे. रिले गेला की एक वायरचा तुकडा घ्यायचा, 30 आणि 87 च्या खाचेत खुपसायचा आणि गाडी ‘डायरेक्ट’ करून द्यायची. गाडी चालू होते, सगळे खूश होतात. तपासणीसाठी दोन सेकंद असं करणं वेगळं आणि तशीच गाडी महिनोन्महिने चालवणं वेगळं.

पंपाच्या वाटेत रिले ठेवलाय तो फक्त करंटसाठी नाही. इंजिन फिरायचं थांबलं की ईसीयूला कळतं आणि तो दोनेक सेकंदांत रिले सोडून देतो. पंप बंद. अपघातात गाडी उलटली, पेट्रोलची पाइप तुटली, तरी पंप पेट्रोल फेकत राहू नये म्हणून ही सोय आहे. डायरेक्ट केलेल्या गाडीत ती सोय राहत नाही. ड्रायव्हर बेशुद्ध, इंजिन बंद, आणि पंप मात्र प्रेशरनं पेट्रोल बाहेर टाकतोय. गरम सायलेन्सर शेजारीच आहे. पुढचं सांगायची गरज नाही.

ज्या गाडीत घरची माणसं बसतात, तिच्यात काही शेकड्यांचा रिले वाचवायला ही जोखीम घेण्यात हुशारी कसली? सेकंडहँड गाडी घेत असाल तर फ्यूज बॉक्स उघडून असा वायरचा तुकडा कुठे आहे का, हे आवर्जून बघा.

शिकायचं कुठं?

आयटीआयमध्ये ‘मेकॅनिक मोटर व्हेईकल’ हा दोन वर्षांचा ट्रेड दहावीनंतर करता येतो. डिझेल मेकॅनिकचा त्याहून छोटा ट्रेडही आहे. पाना फिरवणारे हात गावोगावी आहेत. पण वायरिंग डायग्राम वाचून, मोजून, ‘हा भाग गेला आणि हे त्याचं कारण’ असं ठामपणे सांगणारी माणसं कमी आहेत. बीएस-6 बाइक आणि पुढे इलेक्ट्रिक गाड्या, सगळीकडे हेच कौशल्य लागणार आहे. इलेक्ट्रिक गाडीतही बॅटरी जोडा-तोडायला कॉन्टॅक्टरच असतो, म्हणजे परत तोच विहिरीवरचा स्टार्टर.

आणि मेकॅनिक व्हायचं नसलं तरी एक प्रश्न विचारायला शिका. ‘पंप गेलाय’ असं कुणी म्हटलं की भांडू नका, नम्रपणे विचारा, ‘दादा, कशावरून? पंपाच्या कनेक्टरला 12 व्होल्ट येतात का बघितलं का?’ चांगल्या मेकॅनिकला हा प्रश्न आवडतो, तो मीटर लावून दाखवतो. जो चिडतो, त्याच्याकडे गाडी ठेवायची की नाही, ते तुम्ही ठरवा.

खिशात ठेवा

- सेल्फ जोरात, इंजिन गप्प : आधी पेट्रोल, किल स्विच, इमोबिलायझर बघा.
- चावी ऑन केल्यावर ‘झुंऽऽ’ नाही : फ्यूज, मग रिले, मग वायर, शेवटी पंप.
- ‘खट्’ वाजला म्हणजे रिले चांगला असं नाही.
- अदलाबदल करताना रिलेवरचा नंबर जुळलाच पाहिजे आणि चावी बंदच पाहिजे.
- चावी काढल्यावरही पंप चालूच? रिलेचे पॉइंट चिकटलेत. बॅटरी उतरेल, रिले लगेच काढा.
- फ्यूजच्या जागी तार नाही, रिलेच्या जागी वायर नाही.
- लांब जायचं असेल तर त्याच नंबरचा एक रिले आणि दोन फ्यूज गाडीत ठेवा.